गाणं काढून टाकलं तर काय मोडतं? पटकथाकार गदिमांविषयी

जीवशास्त्रात एखादं जनुक नेमकं काय काम करतं हे कळत नसेल, तर एक सरळ आणि थोडा निर्दयी उपाय असतो. ते जनुक बंद करायचं आणि काय मोडतं ते बघायचं. याला नॉकआउट म्हणतात. उंदीर लंगडायला लागला तर त्या जनुकाचा चालण्याशी काहीतरी संबंध असणार. काहीच झालं नाही तर दोन शक्यता: एक तर ते जनुक त्या कामाचं नाही, किंवा त्याचं काम दुसरं कुणीतरी सांभाळून घेतंय. माझा दिवस याच हिशेबात जातो. कळव्याला परतताना लोकलमध्ये कानात जुनी मराठी गाणी असतात, आणि सवयीने मी त्यांच्यावरही तोच प्रयोग करते. सिनेमातून हे गाणं काढलं तर सिनेमा लंगडेल का?

आजचा प्रयोग ग. दि. माडगूळकरांवर. तुम्ही म्हणाल, गदिमांवर आता नवीन काय लिहिणार? खरंय. पण बहुतेक लिखाण ‘कवी गदिमा’ या माणसावर आहे. ‘गीतरामायण’, शब्दांची सहजता, ‘महाराष्ट्राचे वाल्मीकी’ वगैरे. मला त्यांचं दुसरं काम जास्त महत्त्वाचं वाटतं. ते पटकथा लिहायचे, आणि त्यांची कितीतरी उत्तम गाणी स्वतःच्याच पटकथेत बसलेली आहेत. आपण गाणी जपली आणि त्यांच्या भोवतीची गोष्ट विसरलो. त्यामुळे गदिमांचं मोजमाप चुकतं, असं माझं म्हणणं आहे.

‘प्रपंच’ (1961) घ्या. त्यातलं कुंभाराच्या चाकाचं गाणं सुधीर फडक्यांच्या आवाजात तुम्ही शंभरदा ऐकलं असेल. पहाटेच्या भक्तिगीतांत ते अभंगासारखं वाजतं. विठ्ठल हा कुंभार आणि आपण सगळे मडकी, इतकाच अर्थ घेऊन आपण चहा घ्यायला उठतो. पण सिनेमातला कुंभार रूपकातला नाही, खराखुरा आहे. घरात खाणारी तोंडं जास्त, कमाई कमी, डोक्यावर कर्ज. अशा माणसाच्या गोष्टीत ते गाणं आलं की त्याचा शेवट भक्तीचा राहत नाही. एकाच मातीच्या भांड्यांना वेगवेगळं नशीब का, हा प्रश्न तिथे तक्रार होऊन येतो. कुंभार देवाला विचारतोय की तू माझ्याच धंद्यातला, मग असा माल का काढतोस? आता नॉकआउट करा. गाणं काढलं तर उरतो कुटुंबनियोजनाचा एक भला, जरासा शाळकी बोधपट. त्या बोधपटाला जो राग हवा होता, तो गाण्यात ठेवलेला आहे. आणि उलटं केलं, म्हणजे सिनेमा काढून नुसतं गाणं ठेवलं, की राग जातो आणि गोडवा उरतो. गेली साठ वर्षं आपण हा दुसरा प्रयोग नकळत करतोय.

हे कौशल्य आलं कुठून? माझ्या मते संगीत नाटकातून. तिथे गद्य लिहिणारा आणि पदं लिहिणारा बहुधा एकच असायचा. किर्लोस्करांचं ‘सौभद्र’ (1882), देवलांचं ‘शारदा’ (1899), खाडिलकरांचं ‘मानापमान’ (1911) ही सगळी याच जातीची नाटकं. पात्राचं बोलणं जिथे अपुरं पडतं तिथे पद सुरू होतं, आणि ती जागा नाटककारालाच ठाऊक असते. अपवादही आहेत. ठाण्यातल्या रंगायतनाला ज्यांचं नाव आहे त्या गडकऱ्यांच्या ‘एकच प्याला’ची पदं वि. सी. गुर्जरांनी लिहिली. सिनेमा आला आणि हा अपवादच नियम झाला. कथा एकाची, संवाद दुसऱ्याचे, गाणी तिसऱ्याची. गदिमांनी तुटलेले हे धागे पुन्हा एका हातात घेतले. 1938 च्या ‘ब्रह्मचारी’त छोटं काम करण्यापासून त्यांनी सुरुवात केली, 1942 पासून गाणी लिहायला लागले. म्हणजे पटकथेला हात घालण्याआधी सिनेमा कसा बनतो हे त्यांनी आतून पाहिलं होतं.

‘राम जोशी’ (1947) ही मला त्यांची सगळ्यात अवघड परीक्षा वाटते. विषय पेशवाईतला शाहीर. भूमिकेत जयराम शिलेदार, म्हणजे थेट संगीत रंगभूमीवरचा गायक नट, आणि समोर हंसा वाडकर. सिनेमात राम जोश्यांच्या मूळ रचना आहेत आणि गदिमांच्या नव्याही. कल्पना करा, दीडशे वर्षांपूर्वीच्या शाहिराच्या शेजारी आपली लावणी ठेवायची आणि ऐकणाऱ्याला सांधा दिसू द्यायचा नाही. नक्कल करणारे खूप असतात, त्यामुळे एवढ्यावर मी प्रभावित झाले नसते. पण इथे गाणं हाच कथेचा व्यवसाय आहे. नायक वाक्यात हरत नाही की जिंकत नाही. सवाल-जवाबात, फडावर हरतो-जिंकतो. गाणं काढलं तर कथाच उरत नाही.

आता तुलनेसाठी दोन नमुने. ‘सांगत्ये ऐका’ (1959) या चित्रपटाची पटकथा धाकटे बंधू व्यंकटेश माडगूळकर यांची, गाणी गदिमांची. पुण्याच्या विजयानंदमध्ये तो 131 आठवडे चालला. आशा भोसल्यांच्या आवाजातली बुगडीची लावणी त्यातलीच. लावणी फर्मासच आहे. पण प्रामाणिकपणे सांगा, ती काढली तर कथा अडते का? फडाची रंगत जाईल, तिकिटं कदाचित कमी खपतील, पण गोष्ट चालत राहील. उलट ‘नवरंग’ (1959) मध्ये लेखन गदिमांचं, गाणी मात्र भरत व्यासांची. नायक कवी आहे, बायकोतच त्याला कल्पनेतली मोहिनी दिसते. कागदावर ही फार नाजूक गोष्ट आहे. पडद्यावर मात्र शांतारामांची रंगांची आतषबाजी तिला गिळून टाकते, आणि गाणी त्या आतषबाजीच्या बाजूची आहेत, कवीच्या बाजूची नाहीत. फक्त दोन नमुन्यांवरून निष्कर्ष काढला तर माझे गाइड मला हाकलून देतील. तरी दिशा दिसते.

‘गीतरामायण’सुद्धा मला या बाजूने वाचावंसं वाटतं. 1955 मध्ये पुणे आकाशवाणीवरून सुरू झालेली 56 गाणी, आठवड्याला एक. आपण ती भक्तीने ऐकतो. पण रचना बघा. सुरुवातीला कुश-लव रामासमोरच रामाची गोष्ट गातात, म्हणजे सरळ फ्लॅशबॅक. वाल्मीकींकडे तो होताच, गदिमांनी ओळखून घेतला. मग प्रत्येक गाणं कुणाच्या तोंडी द्यायचं हा निर्णय. कॅमेरा कुठे ठेवायचा, हाच तो प्रश्न. निवेदन जवळपास नाही, दृश्यामागून दृश्य. इतकं कापाकापीचं भान निव्वळ कवीला असतं असं वाटत नाही.

सगळंच छान होतं असंही नाही. दीडशेहून जास्त चित्रपटांसाठी लिहिणाऱ्या माणसाकडे साचे तयार होतातच. त्यांच्या सोशिक, त्यागी स्त्रिया एकमेकींच्या जागी ठेवल्या तरी फारसा फरक पडत नाही, आणि त्यांची गाणीही तशीच अदलाबदल करता येतात. माझ्या प्रयोगात ही गाणी नापास होतात, चाल कितीही गोड असली तरी.

म्हणून एक विनंती. गाण्यांच्या यादीत गायक, संगीतकार, राग, चित्रपटाचं नाव सगळं मिळतं. ते गाणं कोण, कुणाला, काय झाल्यावर म्हणतंय हे मात्र क्वचितच. जुना मराठी सिनेमा पाहिलेलं कुणी घरात असेल तर आधी त्यांना हे विचारून ठेवा. आणि ‘प्रपंच’ कुठे मिळाला तर कुंभाराचं गाणं लागल्यावर डोळे मिटू नका. चाकाकडे बघून झालं की त्याच्या पोरांकडे बघा.