नकाशा कोणासाठी?

नकाशा म्हणजे भूमीचे प्रतिबिंब, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. संडे स्कूलच्या भिंतीवरील संत पौलाच्या प्रवासांचा नकाशा आपण निःशंकपणे मुलांना दाखवितो. तो कोणी काढला व कोणासाठी काढला, हे विचारीत नाही. पौलाच्या पत्रांविषयी मात्र हेच प्रश्न आपण नेमाने विचारतो. वस्तुतः नकाशाही एक लेखच होय, आणि लेखाप्रमाणेच त्याचे परीक्षण व्हावयास हवे. बडोदे व गुजरात यांच्याशी निगडित अशा दोन उदाहरणांवरून हे स्पष्ट व्हावे.

१९४२ साली बडोदे संस्थानाने डॉ. हिरानंद शास्त्री यांचा प्राचीन विज्ञप्तिपत्रांवरील इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला. विज्ञप्तिपत्र म्हणजे एखाद्या गावच्या जैन संघाने दूरच्या आचार्यांस पाठविलेली लांबलचक गुंडाळी. गत वर्षाच्या अपराधांबद्दल क्षमायाचना आणि पुढील चातुर्मासाचे निमंत्रण, हा तिचा हेतू. आग्र्याच्या संघाने विजयसेनसूरींस १६१० साली पाठविलेल्या पत्रात चित्रकार शालिवाहन याने जहांगीराचा दरबार रंगविला आहे. पुढील काळात अशा पत्रांतून गावाचे रस्ते, बाजार, देवळे क्रमाने उलगडू लागली. उदयपूरच्या संघाने १८३० साली बिकानेरकडे पाठविलेले पत्र सुमारे ७२ फूट लांब असून त्यात इंग्रज रेसिडेन्सीही आढळते. शास्त्रीबुवांचा ग्रंथ वाचताना ही चित्रे म्हणून पाहिली जातात. ती नकाशे म्हणूनही वाचावीत, असे आम्हांस वाटते. त्यांत प्रमाण नाही, अक्षांश नाहीत. येणारा गुरू ज्या वाटेने येईल, त्या वाटेचा क्रम तेवढा आहे, आणि शेवटी बोलावणाऱ्यांची नावे आहेत.

तथापि भाबडे कौतुकही नको. निमंत्रण देणारा आपले घर झाडूनच दाखवितो. गौरवासाठी काढलेल्या चित्राकडून गावातील दुःखाची मोजदाद मागता येत नाही, व संघाबाहेरील वस्त्यांची साक्षही मिळेलच असे नाही.

दुसरे उदाहरण जेम्स रेनेल यांचे. हे १७६७ साली बंगालचे सर्व्हेअर जनरल झाले. त्यांच्या १७८२ च्या हिंदुस्थानच्या नकाशावरील शोभाचित्रात पंडित आपले पवित्र ग्रंथ ब्रिटानियाच्या हाती देत आहेत. पुढे गुजरातविषयी लिहिताना रेनेल यांनी सदानंद नामक एका ब्राह्मणाने काढलेल्या नकाशाचा आधार घेतला. तो त्यांना पुणे दरबारातील इंग्रज वकील चार्ल्स मॅलेट यांच्याकडून मिळाला होता. सदानंदाचे नाव घेऊन त्याच्या बुद्धीची मुक्तकंठाने प्रशंसा करणे, हा रेनेल यांचा प्रामाणिकपणा होय. त्यांच्या पद्धतीचा गुणही मान्य केला पाहिजे. मोजलेला नकाशा दुसऱ्याला तपासता येतो, सुधारता येतो. निमंत्रणचित्राबाबत ते शक्य नाही. परंतु शोभाचित्राने नकाशाचा वाचक आधीच ठरविला आहे. ज्ञान देणारा तेथे शरणागताच्या रूपाने उभा आहे.

अशा नकाशांचे परिणाम कागदावरच राहत नाहीत. बडोदे, कडी, नवसारी व अमरेली हे गायकवाडी मुलखाचे प्रांत इतर राज्यांच्या हद्दींत ठिगळांप्रमाणे विखुरलेले होते. संस्थान १ मे १९४९ रोजी मुंबई राज्यात विलीन झाले, आणि १ मे १९६० रोजी भाषेनुसार रेघ ओढली गेली तेव्हा बडोदे गुजरातेत राहिले. दांडिया बाजारातील मराठी कुटुंब जेथे होते तेथेच होते, पण नकाशाच्या लेखी ते एका रात्रीत अल्पसंख्य ठरले. त्या रेषेला कारणे होती, व ती चुकीची होती असे आमचे म्हणणे नाही. रेघ ओढणाऱ्याला घरातील बोली ऐकू येत नाही, एवढेच येथे सांगावयाचे आहे.

पवित्र शास्त्रात निमंत्रणाचेच नकाशे आहेत, असे म्हणून आपणांस सुटता येणार नाही. यहोशवाच्या अठराव्या अध्यायात प्रत्येक वंशातील तीन माणसे देशभर फिरतात, त्याचे सात भागांत वर्णन लिहून आणतात, आणि शिलो येथे चिठ्ठ्या टाकून वाटणी होते. ही वाटणीसाठी केलेली पाहणी आहे, आणि त्या भूमीवर इतर लोक आधीपासून राहत होते. हा अध्याय शिकविताना भिंतीवर केवळ बारा रंगांचा नकाशा लावून थांबणे म्हणजे एकाच पक्षाचा लेख वाचणे होय.

पाळक व धर्मशिक्षक यांनाही आपल्या मंडळीच्या क्षेत्राचा नकाशा कधी ना कधी काढावा लागतो. वर्गणीसाठी काढलेला नकाशा, भेटींसाठी काढलेला नकाशा आणि शेजारच्या मंडळीशी हद्द ठरविण्यासाठी काढलेला नकाशा, हे तीनही एकाच गावाचे असून निरनिराळे असतात. म्हणून कोपऱ्यात प्रमाण लिहिण्यापूर्वी तो कोणासाठी आहे, हे लिहावे. मग तो हाती घेऊन गावातून पायी फिरावे, आणि जी घरे त्यात आली नाहीत त्यांच्या दारांवर प्रथम थांबावे.