गहाण सोडवण्याची मुदत कुणाच्या घड्याळावर?

या ब्लॉगवर एरवी पॉलिमर असतात. आज एक निकालपत्र वाचूया. कारण गेल्या महिन्यात साताऱ्याहून मामांचा फोन आला. "अगं, पैशांची सोय झालीय, पण बँक म्हणते उशीर झाला. लिलावाची जाहिरात परवाच पेपरात आली. लिलाव तर अजून व्हायचाय ना?" मी म्हटलं, मग भरून टाका की! मला काडीचं माहीत नव्हतं.

आपल्या डोक्यात असतं की हातोडा पडेपर्यंत गहाण सोडवता येतं. ते पूर्वी बरंचसं खरंही होतं. २००२ च्या सरफेसी कायद्याच्या कलम १३(८) मध्ये विक्रीसाठी ठरलेल्या तारखेपर्यंतची मुभा होती. २०१४ च्या मॅथ्यू वर्गीस खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की विक्रीआधीची ३० दिवसांची नोटीस असते ती कर्जदाराला पैसे उभे करता यावेत म्हणूनच. २०१६ मध्ये कलम बदललं. आता मुदत लिलावाची नोटीस प्रसिद्ध होण्यापूर्वीच संपते.

सप्टेंबर २०२३ चा सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स हा निकाल याच शब्दांवर उभा आहे. लिलावात १०५ कोटींच्या आसपास बोली लागली होती. कर्जदाराचा अर्ज कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे डीआरटीत, पडून असतानाच तो मुंबई उच्च न्यायालयात गेला, १२९ कोटी भरायला तयार झाला आणि न्यायालयाने परवानगी दिली. सर्वोच्च न्यायालयाने ती रद्द केली. कायद्यात दुसरी वाट असताना रिट का, आणि पूर्ण रक्कम भरलेल्या बोलीदाराचं काय, असे दोन प्रश्न त्यामागे होते.

दुसरा प्रश्न मला पटतो. शेवटच्या क्षणी सौदा मोडणार असेल तर लिलावाला येणार कोण? बोली पडली की नुकसान कर्जदाराचंही होतं.

पण पेपर वाचताना मी आधी बघते, की मोजमाप कुठे थांबवलं आणि ते कुणी ठरवलं. इथे बोलीदाराचं संरक्षण हे कारण दिलंय, मग रेघ बोली लागल्यावर ओढायला हवी होती. ती जाहिरातीवर ओढली आहे. त्या दिवशी बोलीदार अस्तित्वातच नसतो! जाहिरात कधी द्यायची हे बँक ठरवते. शिवाय तीस दिवसांच्या नोटिशीचा अर्थच गेला. नोटीस आणि जाहिरात सोबत निघाली, तर पैसे जमवायला म्हणून दिलेले दिवस आता घर जाताना बघायला उरतात. दोष मूळ दुरुस्तीचा आहे, मान्य. न्यायालय शब्द खोडू शकत नाही. तरी शंभर कोटींच्या व्यवहारात बसवलेला नियम दोन खोल्यांच्या फ्लॅटला तसाच लागणार, याची बोच निकालात जाणवायला हवी होती. मला ती जाणवली नाही.

आणि 'स्टे आणू' म्हणणाऱ्यांना विचारा, कुठून? दिवाणी कोर्टाचं दार कलम ३४ ने बंद. रिटबद्दल २०१० च्या सत्यवती टंडन निकालापासून उच्च न्यायालयांना आवर घातलेला आहे. उरते डीआरटी, तीही बँकेने ताबा वगैरे कारवाई केल्यापासून ४५ दिवसांत. तिथे नुसता अर्ज केला म्हणून लिलाव थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते.

त्याआधीची ६० दिवसांची मागणी नोटीस बहुतेक घरांत टीव्हीखालच्या ड्रॉवरमध्ये जाते. खरं तर तिला लेखी हरकत घेतली, तर बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावं लागतं. २००४ च्या मार्डिया केमिकल्स निकालाने हरकतींची दखल घ्यायला लावली. त्याच निकालाने दाद मागण्याआधी ७५ टक्के रक्कम भरण्याची अटही उडवली. मामांची नोटीसही ड्रॉवरमध्येच सापडली, पाकीट न फोडलेलं.

दाराला ताब्याचा कागद चिकटवून तेव्हा चाळीस दिवस झाले होते. पुण्याच्या डीआरटीत अर्ज गेला तो त्रेचाळिसाव्या दिवशी. पैसे घ्यायचे की नाही हे बँकेने अजून कळवलेलं नाही.