लट्टलूरचा गरुड आणि नांदेडचे निशाण

कर्नाटकातील शिरूर येथील इ. स. 866 च्या शिलालेखात राष्ट्रकूट नृपती अमोघवर्ष याला ‘लट्टलूरपुरवराधीश्वर’ म्हटलेले असून गरुड हे त्याचे लांछन सांगितले आहे. आणि हे लट्टलूर म्हणजे आजचे लातूर, हे अभ्यासकांनी बहुतांशी मान्य केलेले असल्यामुळे, डाळींची बाजारपेठ म्हणून ख्यात असलेले हे शहर एके काळी एका सार्वभौम घराण्याच्या बिरुदावलीत अग्रस्थानी होते, ही गोष्ट आम्हां मराठवाडेकरांना भूषणास्पद वाटते. भूषण वाटावे हे योग्यच आहे. परंतु त्या बिरुदावलीतील प्रत्येक पदाने कोणती वस्तू दर्शविली जात होती, ती मुद्रेवर असे की पताकेवर, अंगावर असे की हत्तीच्या पाठीवर, असे विचारू गेल्यास आमच्या स्थानिक इतिहासलेखनातून समाधानकारक उत्तर मिळणे कठीण जाते. आणि प्राचीन वेशभूषा व राजचिन्हे यांचे वर्णन करण्याची कला आमच्याकडे ज्या अवस्थेत आहे तिचे मर्म याच उणिवेत आहे, असे माझे मत आहे.

दक्षिणेच्या ताम्रपटांत राजचिन्हांचे एक रेखीव व्याकरण आहे. मूळ नगरीचे नाव, ध्वज, लांछन आणि ज्याच्या घोषात राजा बाहेर पडे ते तूर्य ही त्याची पदे. सौंदत्तीचे रट्ट राष्ट्रकूटांनंतरही लट्टलूरचेच नाव सांगत राहिले आणि सुवर्णगरुडध्वज मिरवीत राहिले. शिलाहारांनी तगरपुराचे, म्हणजे तेरचे, नाव तसेच जपले. गोव्याच्या कदंबांचे उदाहरण तर फारच उद्बोधक आहे, कारण त्यांचे लांछन सिंह आणि ध्वज मात्र वानराचा. तेव्हा लांछन आणि ध्वज या दोन स्वतंत्र संस्था होत्या, एकीचे स्थान मुद्रा व दुसरीचे स्थान पताका, याविषयी शंका उरू नये. मांडलिकाला मिळणारा ‘पंचमहाशब्दां’चा मान, म्हणजे शृंग, तम्मट, शंख, भेरी आणि जयघंटा ही पाच वाद्ये वाजविण्याचा अधिकार, हाही याच व्यवस्थेचा भाग होय. युरोपातील सरदारांची कुलचिन्हे ढालीवर स्थिरावली, आमची नाद, छत्र, मुद्रा आणि पताका यांत विभागली गेली. असे असता आमचे लेखक या सर्वांना सरसकट ‘राजचिन्ह’ म्हणून मोकळे होतात. श्रीनिवास रित्ती आणि शेळके यांनी नांदेड जिल्ह्यातील कोरीव लेख 1968 साली प्रसिद्ध करून मोठेच उपकार करून ठेविले. त्या सामग्रीवर या दृष्टीने पुढील इमारत उभी राहावयास हवी होती.

वेशभूषेच्या बाबतीत तर साधने हाताशी असून उपेक्षा झालेली आहे. देगलूर तालुक्यातील होट्टल येथील सिद्धेश्वर मंदिराच्या बाह्यांगावरील सुरसुंदरींपुढे क्षणभर थांबावे. शिल्पकाराने वस्त्र इतके तलम कल्पिले आहे की ते अंगावर आहे हे चुण्यांच्या बारीक रेषांवरूनच कळते. कटिसूत्रापासून मांड्यांवर मोत्यांचे सर लोंबतात, त्यांना मूर्तिशास्त्रात ऊरुदाम म्हणतात. दंडावर केयूर, पायी पादवलये. मार्गदर्शक पुस्तिका या सर्वांचे वर्णन ‘अलंकारांनी मढलेली सुंदर स्त्री’ एवढ्यावर उरकते. वास्तविक हे मंदिर ज्या कल्याणी चालुक्यांच्या काळातील, त्यांचाच राजा तिसरा सोमेश्वर याने बाराव्या शतकात ‘मानसोल्लास’ या ग्रंथात वस्त्रोपभोगाचा स्वतंत्र अध्याय लिहून वस्त्रांचे प्रकार, रंग आणि कोणत्या ऋतूत काय नेसावे याचा तपशील देऊन ठेविला आहे. त्याची कल्याणी, आजचे बसवकल्याण, लातूरच्या सीमेला लागूनच आहे. ग्रंथ आणि शिल्प असे शेजारी शेजारी असूनही ते एकत्र वाचण्याचा प्रघात पडलेला नाही. डॉ. गो. बं. देगलूरकरांनी मराठवाड्यातील मूर्तींकडे डोळसपणे पाहण्याची वाट घालून दिली, ही त्यातल्या त्यात समाधानाची गोष्ट.

यानंतरचा थर फारसी दफ्तराचा. खिलत, सरपेच, मंदील, अबदागीर, मोर्चेल, माही-मरातब हे शब्द बखरींतून व कागदपत्रांतून आम्हांस परिचित आहेत. 1760 साली उदगीरला मराठे आणि निजाम समोरासमोर उभे ठाकले तेव्हा दोन्ही पक्षांच्या दरबारी रीतिरिवाजात या शब्दांचे चलन होते. पुढे हैदराबादच्या दरबारात डोईस दस्तार आणि कमरेस बगलूस असल्यावाचून हजर होण्याची मुभा नसे, आणि पिवळ्या आसफजाही निशाणावर कुलच्याचे चिन्ह झळकत असे. 17 सप्टेंबर 1948 रोजी ती सत्ता संपली, ते इष्टच झाले. पण त्या अंमलाविषयीच्या रास्त रोषापायी त्या पोशाखाचे शब्दही आम्ही टाकून दिले, आणि परिणामी त्या काळावरील नाटकात अंमलदाराच्या डोक्यावर काय असावे हे सांगणारा माणूस सापडत नाही. ड्रेपरीवाल्याला दोष देण्यात अर्थ नाही. त्याच्या पेटीत जिरेटोप, अंगरखा आणि पेशवाई पगडी असते, म्हणून कंधारच्या राष्ट्रकूट कृष्णालाही तेच चढविले जाते. कृष्णाच्या काळी शिवलेल्या अंगरख्याऐवजी उत्तरीय आणि मुकुट हवा, हे त्याला सांगण्याचे काम समीक्षकाचे होते.

सुदैवाने नांदेडात ही भाषा अद्याप जिवंत आहे. तख्त सचखंड श्री हुजूर साहिब येथे दसऱ्याला ‘हल्ला’ निघतो तेव्हा निहंगांचा निळा बाणा, डोक्यावरील उंच दुमाला, त्यावरील पोलादी चक्रे, कमरेचा कमरकसा, यांतील प्रत्येक वस्तूला नाव आहे आणि ते नाव तिथल्या पोराटोरांना ठाऊक आहे. निशाण साहिबच्या स्तंभालाही वस्त्र असते. त्याला चोला म्हणतात, आणि तो समारंभपूर्वक बदलला जातो. ध्वज आणि वेश यांचा असा संगम अन्यत्र क्वचितच पाहावयास मिळेल. किनवट-माहूरकडील बंजारा स्त्रियांच्या फेट्या (घागरा) आणि कांचळीसंबंधीही हेच म्हणता येईल, फक्त त्या नावांच्या जाणत्या आता वृद्ध होत चालल्या आहेत.

आणि याच नांदेडात मराठवाडा खादी ग्रामोद्योग समिती राष्ट्रध्वज तयार करते, त्यासाठी उदगीरला कापड विणले जाते. तेथे संदिग्धतेला थारा नाही: लांबी-रुंदीचे प्रमाण 3:2, चक्राला 24 आरे, आणि 6300 × 4200 मिलिमीटरपासून 150 × 100 मिलिमीटरपर्यंत नऊ ठरीव आकार. 2021 च्या अखेरीस ध्वजसंहितेत दुरुस्ती होऊन पॉलिएस्टरला परवानगी मिळाली, तेव्हापासून या खादीपुढे स्वस्त मालाचे आव्हान उभे आहे.

दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशात यांपैकी अनेक शब्दांचे अर्थ सापडतील, पण अर्थावरून वस्तूचे रूप डोळ्यांपुढे उभे राहत नाही. आज निकड आहे ती मराठवाड्यापुरत्या एका सचित्र कोशाची, ज्यात ऊरुदामापुढे होट्टलचे रेखाचित्र असेल, बगलूसापुढे जुन्या छायाचित्राची प्रत, दुमाल्यापुढे तो बांधण्याची कृती आणि फेट्यापुढे तांड्यावर तो शिवणारीने सांगितलेली त्याच्या भागांची नावे. विद्यापीठाने मनावर घेतल्यास कामाचा आरंभ माहूरच्या तांड्यांपासून व्हावा. शिलालेख दोन वर्षे थांबू शकतील.