इंडोनेशियातील ऑनलाइन व्हिडिओ : जकार्ताबाहेरचा आवाज

इंडोनेशियात ऑनलाइन व्हिडिओची पहिली लाट आली ती हौशी मंडळींमुळे. 2010 मध्ये सिंता आणि जोजो या दोन तरुणींनी डांगडुट या लोकप्रिय संगीतप्रकारातल्या एका गाण्यावर नुसते ओठ हलवले आणि त्या देशभर गाजल्या. 2011 मध्ये गोरोन्तालोचा नॉर्मन कामारू हा पोलीस गणवेशातच ‘छैय्या छैय्या’वर हातवारे करत थेट टीव्हीच्या पडद्यावर जाऊन पोहोचला. प्रसिद्धी यूट्यूबवर मिळे, पण शिक्का टीव्हीचाच लागे. लेखक-विनोदवीर रादित्य दिका याची ‘मालम मिंग्गु मिको’ ही प्रेमात सतत तोंडघशी पडणाऱ्या तरुणाची मालिकाही 2012 मध्ये यूट्यूबवरून कोम्पास टीव्हीवर गेली.

पुढे पारडे फिरले. 2019 मध्ये यूट्यूबर अत्ता हलिलिन्तारने एक कोटी सबस्क्रायबरांचा टप्पा ओलांडला. 2021 मध्ये त्याचे लग्न तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष जोको विदोदो यांच्या उपस्थितीत झाले, तेही आरसीटीआय वाहिनीवरून थेट. राफी अहमदसारखे टीव्हीचे जुने चेहरेही यूट्यूबवर आले. या बड्या चॅनेलांचा पसारा थक्क करणारा आहे, पण कलेच्या दृष्टीने हाती फारसे लागत नाही. ताऱ्यांचे बंगले, बाळंतपणे, बक्षिसे आणि प्रँक पाहताना टीव्हीला पर्याय म्हणून आलेले माध्यम टीव्हीचीच री ओढताना दिसते.

खरी भर पडली ती जकार्ताबाहेरून. टीव्हीवरच्या मालिकांत जावानीज माणूस बहुधा मोलकरीण किंवा ड्रायव्हर म्हणून भेटे, त्याची बोली हशासाठी वापरली जाई. मलांगच्या बायू स्काकने यूट्यूबवर जावानीज बोलतच प्रेक्षक जमवला आणि 2018 मध्ये ‘योविस बेन’ हा बहुतांशी जावानीज चित्रपट थिएटरात आणला.

वाह्यु आगुंग प्रासेत्यो याचा ‘तिलिक’ हा लघुपट त्याहून सरस. योग्यकर्ताच्या सांस्कृतिक निधीतून 2018 मध्ये बनलेला हा अर्ध्या तासाचा चित्रपट ऑगस्ट 2020 मध्ये यूट्यूबवर आला आणि टाळेबंदीत घरी बसलेल्या देशाने तो डोक्यावर घेतला. आजारी सरपंचबाईंना भेटायला गावच्या बायका उघड्या ट्रकमध्ये उभ्याने निघाल्या आहेत. त्यांच्यातली बू तेजो मोबाइल पुढे करत दियान या मुलीच्या चारित्र्याबद्दल कुजबुजते. यू निंग तिला खोडून काढते. पोलिसाने ट्रक अडवला, तर साऱ्या जणी मिळून त्यालाच गप्प करतात. गावच्या बायकांना चहाडखोर ठरवले, असा आक्षेप चित्रपटावर घेतला गेला. तो अगदीच अनाठायी नाही. तरीही सिती फौजियाहने बू तेजोच्या तोंडच्या बोलीला जो ठसका दिला, तो स्टुडिओतल्या मालिकांना कधीच साधला नाही.

माहितीपटांचीही बाजू भक्कम आहे. वॉचडॉक या निर्मिती संस्थेचा कोळसा उद्योगावरचा ‘सेक्सी किलर्स’ 2019 च्या निवडणुकीच्या तोंडावर यूट्यूबवर आला, तर निवडणुकीतल्या गैरप्रकारांवरचा ‘डर्टी व्होट’ 2024 च्या. टीव्हीवर अशा चित्रपटांना जागा मिळणे कठीणच, कारण मोठ्या वाहिन्यांचे अनेक मालक राजकारणातच आहेत.

लाइव्ह व्हिडिओंवर प्रेक्षकांकडून मिळणाऱ्या, पैशांत बदलता येणाऱ्या आभासी भेटवस्तूंनी मात्र वेगळेच वळण दिले. जानेवारी 2023 मध्ये लोम्बोक बेटावरच्या वृद्ध स्त्रिया पैशांसाठी टिकटॉकवर तासन्‌तास चिखलाने अंघोळ करताना दिसल्या. ही पिळवणूकच होती आणि सामाजिक मंत्रालयाने तिच्याविरुद्ध परिपत्रक काढले, ते योग्यच झाले. 2024 च्या प्रसारण विधेयकाची गोष्ट निराळी. त्याच्या मसुद्यात डिजिटल मंचांनाही प्रसारण नियमांखाली आणण्याची आणि शोधपत्रकारितेच्या खास प्रसारणावर बंदी घालण्याची तरतूद होती. पत्रकार रस्त्यावर उतरले. अशा कायद्याची झळ प्रँकवाल्यांपेक्षा ‘डर्टी व्होट’सारख्या कामालाच आधी बसली असती.