काळ दाखवणारा डोळा

गेलेला काळ पुन्हा डोळ्यांनी पाहता यावा, ही माणसाची फार जुनी हौस. कथालेखकांना तिची भुरळ वारंवार पडत आली आहे. परंतु तसे साधन कथेत आणणे सोपे. ते कोणाच्या हाती द्यायचे आणि त्याने काय पाहायचे, हे ठरवताना लेखकाचा कस लागतो. आयझॅक असिमॉव्ह यांची १९५६ साली प्रसिद्ध झालेली ‘द डेड पास्ट’ ही इंग्रजी कथा या दृष्टीने वाचण्याजोगी आहे. ती वाचून महाभारताकडे वळावे, म्हणजे व्यासांनी हाच प्रश्न किती आधी आणि किती खोलवर हाताळला आहे ते ध्यानात येते.

असिमॉव्ह यांच्या यंत्राचे नाव क्रोनोस्कोप. ठिकाण आणि क्षण जुळवावा नि तेथे घडून गेलेले दृश्य पाहावे. जणू काळाचा नकाशाच! पॉटर्ली हा प्राध्यापक प्राचीन कार्थेजचा अभ्यासक. तेथील लोक आपली मुले अग्नीत बळी देत, हा आरोप खोटा ठरवण्यासाठी त्याला ते यंत्र हवे आहे. सरकार परवानगी देत नाही, म्हणून तो एका तरुण शास्त्रज्ञाला हाताशी धरून चोरून यंत्र बनवण्याच्या खटपटीस लागतो. अखेर निष्पन्न होते ते असे, की शंभर-सव्वाशे वर्षांपलीकडचे त्यातून काही दिसणेच शक्य नाही. कार्थेज तर दोन हजार वर्षांहून दूर!

इथे कथा वेगळे वळण घेते. पॉटर्लीची लहानगी मुलगी लॉरेल घराला लागलेल्या आगीत गेलेली असते. कार्थेज दिसत नसेल, पण लॉरेल दिसेल, हे तिच्या आईच्या मनात येते आणि पॉटर्ली हादरतो. ही बाई आता जन्मभर त्या पडद्यापुढून उठणार नाही, हे त्याला कळते. शिवाय ती आग आपल्याच सिगारेटने लागली नसेल ना, ही धास्ती त्याच्या मनात दडलेली आहेच. कार्थेजच्या बापांची वकिली तो इतक्या हिरिरीने का करत होता, ते वाचकाला आता उमगते. कथेतील हा भाग पहिल्या प्रतीचा आहे.

दुर्दैवाने पुढे एक अधिकारी येतो आणि लांबलचक खुलासा करतो. भूतकाळ म्हणजे नुकताच सरलेला क्षणही. तेव्हा या यंत्राने कोणालाही कोणाच्याही घरात डोकावता येईल! कल्पना जबरदस्त खरी, पण तिच्या दणक्यात आईचे दुःख मागे पडते. लेखकाला यंत्राची काळजी अधिक, माणसाची कमी, असे वाटून जाते.

आता व्यासांकडे पाहा. युद्धापूर्वी ते धृतराष्ट्राला दृष्टी देऊ करतात. जन्मांध राजा ती नाकारतो. स्वजनांचा वध पाहण्याची त्याला इच्छा नाही, तो फक्त ऐकणार. मग दिव्यदृष्टी संजयाला मिळते. संजय राजवाड्यात बसून समोर चाललेले युद्ध सांगतो, अशी आपली समजूत असते. भीष्मपर्वात मात्र तो रणांगणावरून परततो, भीष्म पडल्याचे आधी सांगतो आणि मग मागे जाऊन दहा दिवसांची हकीकत उलगडतो. दुर्योधन जाताच ती दृष्टीही लोपते. काम संपले, साधन काढून घेतले!

पुढे आश्रमवासिकपर्वात व्यास या प्रश्नाला पुन्हा हात घालतात. सोळा वर्षे झाली तरी राजाचा शोक शमलेला नाही, असे गांधारी सांगते. कुंतीला कर्णाला पाहायचे आहे. गंगेच्या पाण्यातून मेलेले सारे वीर एका रात्रीपुरते वर येतात, आणि जन्मभर न पाहिलेले पुत्र धृतराष्ट्र त्या रात्री प्रथम पाहतो. ज्या डोळ्यांनी वध पाहायचे नाकारले, ते डोळे त्याने भेटीसाठी स्वीकारले. पहाटे सारे पाण्यात परत जातात. पण व्यास तिथे गोड शेवट करीत नाहीत: कित्येक विधवा पतींपाठोपाठ त्याच पाण्यात शिरतात. एका रात्रीचे दर्शनही सगळ्यांना सोसत नाही, हे त्यांनी लपवलेले नाही.

असिमॉव्ह यांच्या यंत्राला शंभर-सव्वाशे वर्षांची मर्यादा आहे, पण पाहणाऱ्याला पहाट नाही. व्यासांनी दर्शनाला पहाट ठेवली, आणि ती होताना काय गमवावे लागते तेही दाखवले. म्हणून दोन्हींत महाभारताचा प्रसंग मला अधिक मोठा वाटतो.

आज गेलेल्या माणसाचा आवाज आणि हालतेबोलते चित्र घरोघरी फोनमध्ये साठलेले असते. दिवाळीच्या फराळाला एक पाट रिकामा असलेल्या घरात कोणी ना कोणी ते उघडून बसतेच. त्याने अवश्य पाहावे. पण घरातल्या दुसऱ्या कोणी वेळेवर जाऊन त्याच्या खांद्यावर हात ठेवावा आणि फराळाला बोलवावे. कॅरोलिन पॉटर्लीच्या घरी ते करणारे कोणी नव्हते.