चुकलेल्या उत्तराला कुलूप काय सांगते?

मोबाइलवरच्या खेळांचा विषय शिक्षकांच्या खोलीत निघाला की तो बहुधा एकाच प्रश्नापाशी येऊन थांबतो : मुलांनी हे खेळ खेळावेत की खेळू नयेत? पुस्तकांविषयी आपण असा प्रश्न कधी विचारत नाही. पुस्तक हातात घेतो, वाचतो आणि मग ते चांगले की टाकाऊ हे ठरवतो. खेळालाही हाच न्याय लावायला हवा. म्हणून 'एस्केप रूम' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या कोड्यांच्या खेळांची, विशेषतः त्यांतील अवघड म्हणवल्या जाणाऱ्या लेव्हलची, आम्ही येथे थोडी परीक्षा करणार आहोत.

खेळाची कल्पना साधी आहे. खेळणारा एका बंद खोलीत आहे. खोलीत कपाट, चित्र, घड्याळ, पेट्या अशा वस्तू आहेत. त्या तपासायच्या, त्यांचे एकमेकांशी नाते शोधायचे आणि दार उघडून बाहेर पडायचे. जपानमधील तोशिमित्सु ताकागी यांच्या 'क्रिमझन रूम' या २००४ सालच्या संगणकीय खेळाने हा प्रकार जगभर पोहोचवला. २००७ साली क्योटो येथे ताकाओ काटो यांनी खऱ्याखुऱ्या खोलीत माणसांना बसवून तसाच खेळ मांडला. पुढे टचस्क्रीनचे फोन घरोघर आले आणि आज असे असंख्य खेळ फुकटात उतरवून घेता येतात.

एक लेव्हल, दोन कुलपे

भंडारा जिल्ह्यात मोहाडी तालुक्यात आंधळगाव आहे. तेथे नववीच्या सहा विद्यार्थ्यांबरोबर बसून आम्ही अशाच एका फुकट खेळातील एक अडलेली लेव्हल सोडवली. खेळाचे नाव येथे महत्त्वाचे नाही, कारण त्याच साच्याचे खेळ पुष्कळ आहेत. महत्त्वाचे हे, की त्या एकाच लेव्हलमध्ये एक चांगले कोडे होते आणि एक वाईट.

पहिले कोडे चार आकड्यांच्या कुलपाचे. फळीवर तांबडी ३, निळी ५, हिरवे १ आणि पिवळी २ अशी पुस्तके होती. आकडे मिळाले, पण त्यांचा क्रम कोणता? चार वेगवेगळे आकडे २४ प्रकारे मांडता येतात. एका विद्यार्थिनीने वही काढली, पहिला आकडा कायम ठेवून प्रत्येकी सहा अशा चोवीसही मांडण्या लिहिल्या आणि ओळीने लावून पाहायला सुरुवात केली. तेवढ्यात दुसऱ्याचे लक्ष पडद्याकडे गेले. त्यावर डावीकडून निळा, तांबडा, पिवळा, हिरवा असे पट्टे होते. उत्तर ५३२१. कुलूप उघडले. आमच्या मते दोघांचीही रीत बरोबर होती. पहिली वाट लांबची पण हमखास पोहोचवणारी, दुसरी जवळची पण दिसली तरच दिसणारी. गणितात आणि विज्ञानात दोन्ही लागतात.

दुसरे कोडे किल्लीचे. ती सापडेना. मुलांनी खोलीतली प्रत्येक वस्तू पाहिली, मग विचार करणे सोडून बोटांनी सारा पडदा बडवायला सुरुवात केली. काही मिनिटांनी खेळानेच एक बटण पुढे केले : जाहिरात पाहा, मदत मिळवा. जाहिरात संपल्यावर एका बाणाने किल्ली दाखवली. ती कुंडीमागे होती आणि बोट नेमक्या एका कोपऱ्यावर पडले तरच दिसणार होती. त्या कोपऱ्यावर सावली नव्हती, ओरखडा नव्हता, दुसरीकडे कुठे कुंडीचा उल्लेखही नव्हता.

लेव्हल संपल्यावर आम्ही दोनच प्रश्न विचारले. '५३२१ का?' याचे उत्तर सहाही जणांनी दिले. 'किल्ली कुंडीमागेच का?' याला कुणाकडेच उत्तर नव्हते. उत्तर मिळाल्यानंतरही ज्याचे कारण सांगता येत नाही, ते कोडे नव्हे. ती लपवालपवी आहे.

अवघडपणा मोजता येतो

आता थोडा हिशेब करू. हा हिशेब वर्गात फळ्यावर सहज मांडता येईल.

चार आकड्यांच्या कुलपाच्या ०००० ते ९९९९ अशा १०,००० शक्यता असतात. एका प्रयत्नाला ५ सेकंद धरले, तर सर्व शक्यता तपासायला ५०,००० सेकंद, म्हणजे जवळजवळ १४ तास लागतील. आता समजा, हेच कुलूप प्रत्येक चाक योग्य आकड्यावर येताच बारीकसा 'टक्' आवाज करते. मग प्रत्येक चाकाला जास्तीत जास्त १० प्रयत्न, चारही चाकांना मिळून ४०. वेळ सुमारे सव्वातीन मिनिटे. कुलूप तेच, शक्यताही तितक्याच. बदलले ते एवढेच, की चुकीच्या प्रयत्नानंतरही कुलूप काहीतरी सांगते.

दहा हजार आणि चाळीस या दोन टोकांच्या मध्ये चांगल्या कोड्याची जागा असते. १९७०च्या दशकात लोकप्रिय झालेला 'मास्टरमाइंड' हा खेळ याचा उत्तम नमुना आहे. सहा रंगांतून चार जागांची गुप्त मांडणी ओळखायची असते. प्रत्येक अंदाजानंतर दोनच गोष्टी कळतात : किती रंग योग्य जागी आहेत आणि किती रंग बरोबर पण चुकीच्या जागी आहेत. मांडण्या १,२९६. तरीही संगणकशास्त्रज्ञ डोनाल्ड नुथ यांनी १९७७ साली दाखवून दिले, की नीट विचार केल्यास जास्तीत जास्त पाच अंदाजांत उत्तर मिळतेच. येथे चूक वाया जात नाही. उलट, कोणती चूक मुद्दाम करावी म्हणजे सर्वांत जास्त माहिती मिळेल, हाच विचार खेळाडूला करावा लागतो. प्रयोगशाळेतील प्रयोगाचे मर्म याहून वेगळे काय आहे?

तेव्हा लेव्हलची परीक्षा करण्याची आमची कसोटी अशी : चुकलेल्या उत्तराला कोडे काय उत्तर देते? ते पूर्ण गप्प राहिले, तर सोडवणाऱ्यापुढे बडवण्याखेरीज मार्ग उरत नाही. आणि त्या गप्प राहण्यावरच जाहिरातीचा धंदा उभा असेल, तर कोडे अवघड करण्याऐवजी ते अडवून धरण्यातच करणाऱ्याचे हित असते.

एक चांगले उदाहरण आणि त्याची मर्यादा

इंग्लंडमधील फायरप्रूफ गेम्स या छोट्या कंपनीचा 'द रूम' हा २०१२ सालचा खेळ या कसोटीला बराच उतरतो. त्यात खोलीपेक्षा पेटीच महत्त्वाची. अनेक कुलपे, कळा आणि चोरकप्पे असलेल्या पेटीभोवती सारा खेळ फिरतो. कळ फिरवली की काहीतरी हलते, सरकते, आवाज करते. बरोबर दिशेने एक पाऊल पडले की पेटी ते लगेच कळवते. मदतही एकदम उत्तर सांगत नाही : बराच वेळ अडल्यावर आधी मोघम सूचना, मग थोडी स्पष्ट, अशी ती पायऱ्यापायऱ्यांनी येते. चांगला शिक्षक हेच करतो. खेळ विकत घ्यावा लागतो, पण त्यामुळेच जाहिरातीसाठी खेळाडूला अडवण्याचे कारण त्याला उरत नाही.

या खेळातील भिंगाची कोडी शिक्षकांनी मुद्दाम पाहावीत. भिंग डोळ्याला लावले की चिन्हाचे तुकडे इकडेतिकडे विखुरलेले दिसतात. आपली नजर फिरवत नेली की एका विशिष्ट कोनातून ते जुळून अखंड चिन्ह तयार होते. मृग नक्षत्राचे असेच आहे. त्यातील तारे आपल्यापासून वेगवेगळ्या अंतरांवर आहेत. पृथ्वीवरून पाहताना तेवढी ती आकृती जमते. नववीच्या वर्गात हे शब्दांनी समजावताना जी दमछाक होते, ती या कोड्याने पुष्कळ वाचेल.

पण दोषही सांगायला हवा. या खेळात बहुतेक वस्तूंचा उपयोग एकाच जागी होतो आणि वाट बहुतांशी ठरलेली असते. त्यामुळे दिसेल ती कळ ओढत गेले तरी पुष्कळसे पुढे जाता येते. दोन वेगळ्या रीतींनी सुटणारे, आंधळगावच्या चोवीस मांडण्यांसारखे कोडे त्यात क्वचितच भेटते. पेटी सुंदर आहे, पण ती खेळाडूला फार वेळ स्वतःची वाट आखू देत नाही.

मागावरचे कोडे

याहून चोख कोडे आंधळगावात पडद्याबाहेरच सापडते. या गावात हातमागाची परंपरा जुनी आहे. विणताना कापडात दोष दिसू लागला तर विणकर काय करतो, ते पाहा. रेघ कापडाच्या लांबीने उभी उतरत असेल, तर दोष ताण्यात : धागा तुटला असेल किंवा फणीच्या चुकीच्या घरातून ओवला गेला असेल. रेघ आडवी असेल, तर दोष बाण्यात, म्हणजे धोट्याने टाकलेल्या धाग्यात किंवा फणीच्या ठोक्यात. आडवी रेघ ठरावीक अंतराने पुन्हा पुन्हा येत असेल, तर पुन्हा पुन्हा घडणारे कारण शोधायचे. म्हणजे एका नजरेत अर्ध्या शक्यता बाद. येथे कोडे कुणी मुद्दाम रचलेले नाही, तरी चूक आपले कारण अंगावर घेऊनच येते. मागावर बसणाऱ्या घरातले मूल हा तर्क पाहत मोठे होते. शाळेत मात्र त्याला कुणी तर्क म्हणत नाही. हे नुकसान कोणत्याही मोबाइलने केलेले नाही.

शिक्षकांसाठी

आपल्या वर्गासाठी लेव्हल रचायची असेल तर महागडे साहित्य लागत नाही. एक पेटी, आकड्यांचे एक कुलूप आणि कागद पुरेत. कुलपाचा आकडा ६१७४ ठेवावा. नाशिकजवळच्या देवळालीतील शाळाशिक्षक दत्तात्रय रामचंद्र कापरेकर (१९०५–१९८६) यांनी ही संख्या १९४९ साली मद्रासच्या गणित परिषदेत मांडली. चारही आकडे सारखे नसलेली कोणतीही चार अंकी संख्या घ्यावी, तिचे अंक उतरत्या आणि चढत्या क्रमाने मांडून वजाबाकी करावी आणि आलेल्या उत्तरावर तीच कृती करत राहावी. जास्तीत जास्त सात पायऱ्यांत ६१७४ येते आणि तेथेच थांबते. ३५२४ घ्या : ५४३२ – २३४५ = ३०८७; ८७३० – ०३७८ = ८३५२; ८५३२ – २३५८ = ६१७४.

या कोड्याची खरी खुबी पुढेच आहे. प्रत्येक वजाबाकीच्या उत्तरातील अंकांची बेरीज ९च्या पटीत यायलाच हवी. वरच्या तिन्ही उत्तरांत ती १८ आहे. बेरीज तशी आली नाही, तर वजाबाकी चुकली आहे हे विद्यार्थ्याला शिक्षकाने सांगण्याची गरज नाही. शेवट आला हेही संख्या बदलायची थांबली की आपोआप कळते. असे का होते, बेरीज ९च्या पटीत का येते, हा प्रश्न दहावीच्या विद्यार्थ्यांवर सोपवावा.

आणि एक कुलूप वाचकांसाठी. कुलपाला कळा आहेत, संकेत चार आकड्यांचा आहे आणि संकेतात येणाऱ्या तेवढ्याच कळा झिजलेल्या आहेत. चार कळा झिजल्या असतील तर शक्यता २४. तीनच झिजल्या असतील, तर शक्यता कमी की जास्त? अंदाज आधी लिहून ठेवावा, मग मोजावे. उत्तर ३६ येते. अंदाज चुकला असेल, तर तो का चुकला हेही त्या मोजणीतच सापडेल. मुलांच्या हाती खेळ देताना, आणि प्रश्नपत्रिका काढतानाही, चुकणाऱ्याला एवढे तरी मिळते आहे ना, हे आपण पाहावे.