'एंग्क्वेंत्रो' : बोळातली चकमक

फिलिपिन्सचे दिग्दर्शक पेपे दिओक्नो यांचा 'एंग्क्वेंत्रो' (२००९) अवघा ६१ मिनिटांचा चित्रपट. स्पॅनिशमधून फिलिपिनो भाषेत गेलेल्या या शब्दाचा अर्थ सामना, चकमक. मराठी वाचकाला तो वेगळा समजावून सांगायला नको. 'चकमकीत ठार' ही बातमी आपण वर्षानुवर्षे वाचत आलो आहोत.

कथा साधी आहे. झोपडपट्टीतला रिचर्ड मारेकरी पथकाच्या भीतीने मैत्रिणीसह मनिलाला पळू पाहतो. धाकटा भाऊ रेमंड विरोधी टोळीत ओढला गेला आहे. भावालाच संपवण्याची कामगिरी त्याच्या गळ्यात पडते. महापौराचा फक्त आवाज ऐकू येतो. गुन्हेगारी निपटून काढण्याची त्याची भाषा वस्तीवर सतत घुमत राहते.

चित्रपट एकाच सलग दृश्यासारखा भासतो. हातातला कॅमेरा अरुंद, अंधाऱ्या बोळांतून मुलांच्या मागे धावतो. तुटपुंज्या पैशांत केलेली ही मांडणी निव्वळ कसरत नाही. दृश्य तुटत नाही म्हणून प्रेक्षकालाही सुटका मिळत नाही. पुढच्या वळणावर कोण उभा असेल, ही धास्ती त्यालाही वाटू लागते.

उणीव मात्र सांगितलीच पाहिजे. या धावपळीत मुलांचे घर, त्यांचे कालपरवाचे आयुष्य पुरेसे दिसत नाही. काही ठिकाणी अंधार इतका दाट आहे की कोण कोणाला मारतो हेही कळत नाही. मारला जाणारा आधी माणूस म्हणून ओळखीचा झाला असता, तर त्याचे मरण अधिक बोचले असते.

तरीही आम्ही हा चित्रपट महत्त्वाचा मानतो. त्यामागे दावाओ शहरातल्या हत्यांची हकीकत आहे. ह्यूमन राइट्स वॉचने २००९ मध्येच त्यांवर अहवाल प्रसिद्ध केला होता. तेव्हा तिथले महापौर होते रोद्रिगो दुतेर्ते. २०१६ मध्ये ते राष्ट्राध्यक्ष झाले आणि अमली पदार्थांविरोधी मोहिमेत सरकारी आकड्यांनुसारच ६,०००हून अधिक माणसे मारली गेली. मार्च २०२५ मध्ये त्यांना अटक होऊन हेगच्या आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाकडे सोपवण्यात आले.

व्हेनिस महोत्सवात पुरस्कार मिळाले तेव्हा दिओक्नो २२ वर्षांचे होते. मार्कोस राजवटीत तुरुंगवास भोगलेले मानवी हक्कांचे वकील, सिनेटर होसे दिओक्नो हे त्यांचे आजोबा. आजोबांनी न्यायालयात विचारलेला प्रश्न नातवाने पडद्यावर विचारला : गुन्हा शाबीत होण्याआधी शिक्षा देणारा हा कोण? 'चकमकीत ठार' ही ओळ वाचून पान उलटणाऱ्या आपल्यालाही तो लागू आहे.